व्याह्यांचा बारमाही चार्ड

लातुरात मे महिन्यात माणसाला सावली मिळेलच असं नाही, पण आमच्या व्याह्यांच्या चार्डला मिळते, हे मी छातीठोकपणे सांगतो. चार्ड म्हणजे बिटाचा चुलतभाऊ. खाली कंद धरत नाही, सगळी हौस वर पानांत आणि दांड्यांत. दांडे लाल, पिवळे, गुलाबी. आमचे व्याही जन्मभर शाळेत चित्रकला शिकवत होते. निवृत्तीनंतर एका कृषी प्रदर्शनात बियाण्याच्या पाकिटावरचं चित्र पाहिलं आणि ते या भाजीच्या प्रेमातच पडले. चव नंतर कळली. विकणाऱ्याने सांगून पाहिलं, "गुरुजी, हिवाळ्यात येईल. आपल्याकडच्या उन्हाळ्यात न्हाई टिकायची." झालं! त्या दिवसापासून त्यांच्या परसात चार्ड बाराही महिने उभा आहे.

याच्या एकेका बीतून तीन-चार रोपं निघतात. त्यातलं एक ठेवून बाकीची उपटायची असतात, पण उपटणं गुरुजींना जमत नाही. "एका बाकड्यावर चार पोरं बसली म्हणून तिघांचं नाव काढायचं का?" असं विचारतात आणि एकेक रोप सोडवून रंगाच्या डब्यात, फुटक्या माठात, कूलरच्या टाकीत लावतात. त्यामुळे घरातली माणसं घामाघूम आणि चार्ड गारव्याला. पाण्याची तर वेगळीच तऱ्हा. सकाळी बादली घेऊन गल्लीतल्या घराघरांत जातात आणि फिल्टरमधून वाया जाणारं पाणी मागून आणतात. बदल्यात प्रत्येक घरी एक जुडी. समोरच्या बाई एकदा म्हणाल्या, "गुरुजी, आमची शेळी लई आवडीनं खाती बघा." दुसरा कुणी असता तर महिनाभर बोलला नसता. गुरुजी खुशीत घरी आले आणि विहीणबाईंना म्हणाले, "बघ, शेळीलाबी चव कळती!" हा टोमणा होता, कारण विहीणबाई ही भाजी रोज शिजवतात, पण तोंडात घालत नाहीत. त्यांना मातीचा वास येतो.

आता साडीचं सांगायलाच हवं. आमच्याकडे विहिणीला नेसवलेली साडी म्हणजे चेष्टेचा विषय नव्हे. पोत जरा हलका निघाला तर तीन पिढ्या ऐकून घ्यावं लागतं. म्हणून लग्नात माझ्या बायकोने दुकानदाराला रडवून विहीणबाईंसाठी सुती नारायणपेठी निवडली होती. एका एप्रिलमध्ये आम्ही नांदेडहून लातूरला गेलो, चहा घेऊन परसात आलो, तर वाफ्यांवर सावलीसाठी साड्या बांधलेल्या आणि अगदी मधोमध, सगळ्यांत कोवळ्या रोपांवर, आमची नारायणपेठी! हिच्या हातातला कप हातातच राहिला. विहीणबाईंचा चेहरा खर्रकन उतरला, कारण गुरुजींनी कपाट उघडल्याचं त्यांनाही तेव्हाच कळत होतं. मी परतीची गाडी किती वाजता आहे ते आठवू लागलो. गुरुजी मात्र हात जोडून पुढे आले. "ईनबाई, रागावू नका. दुसऱ्या साड्या बांधून पाहिल्या, खाली रोपं उकडून गेली. अख्ख्या घरात अस्सल सुती तुमचीच निघाली. तुमच्या आहेरावर जगून राहिलीत ही लेकरं."

हिने कप वाफ्याच्या कडेला ठेवला आणि तडक घरात निघून गेली. पण पुढच्या खेपेला आपणहून चार जुनी सुती लुगडी पिशवीत भरून घेतली. तेव्हापासून आमचा आहेर दोन वाट्यांत जातो, एक विहीणबाईंचा आणि एक चार्डचा.

गेल्या मे महिन्यात उन्हाने कहर केला आणि लुगडीही पुरेनात. मी एका लग्नासाठी लातूरला गेलो होतो. दुपारी घरी पोचलो तर गुरुजी परसात स्टुलावर बसलेले, हातात छत्री, छत्रीखाली चार्ड. मला पाहताच त्यांनी दुसरी छत्री पुढे केली. "या इवाई. तुम्ही पिवळ्या दांड्यांकडं बसा." पाण्याच्या तांब्याआधी छत्री हातात पडलेला मराठवाड्यातला मी पहिलाच व्याही असेन. निम्मी रोपं तुऱ्यावर आली होती, उरलेल्यांनी माना टाकल्या होत्या. तासाभराने हात भरून आला तसा मी वैतागलो. "गुरुजी, काहून एवढा जीव जाळून राहिलात? दोन महिने बंद ठेवा की. पाऊस पडला की पुन्हा लावा. चार्डवाचून कुणाचं अडलंय?"

"अन् पोरगी मेमधी आली तर?" ते म्हणाले.

पोरगी म्हणजे माझी मुलगी, त्यांची सून. दिवस गेले होते तेव्हा तिच्या पोटात पाणी ठरत नव्हतं. टिकत होते ते फक्त लसणाच्या फोडणीत परतलेले हे दांडे आणि ज्वारीची भाकरी. आता ती आणि जावई नातवाला घेऊन नोकरीपायी पुण्याला असतात. यायचं ठरतं, रजा रद्द होते, पुन्हा ठरतं.

"सुट्टी काय तिच्या हातात हाय का?" गुरुजी म्हणाले. "कव्हाबी येईल. आपण तयार असावं."

लेक दिल्यावर बापाला वाटतं, आता हिच्या खाण्यापिण्याची काळजी करणारे आपण एकटेच. मला फार बरं वाटलं, आणि खरं सांगतो, थोडा हेवाही वाटला. मी छत्री दुसऱ्या हातात घेतली.

महिनाअखेरीस ती लातूरला आली, दोनच दिवसांसाठी. वाफ्यात जेमतेम एका ताटापुरती पानं वाचली होती आणि ती सगळी तिच्याच ताटात पडली. "बाबा, तुम्ही पण घ्या ना," ती सासऱ्यांना म्हणाली. "आम्ही रोजच खातो," असं गुरुजींनी ठोकून दिलं.

ती परत गेली त्या संध्याकाळी मी नांदेडहून फोन केला. विहीणबाईंनी घेतला.

"परसात हायत. बी टाकून राहिलेत," त्या म्हणाल्या. "म्हणं, पंचमीला आली तर पानं कवळी पायजेत."

पंचमीला लेकी माहेरी येतात. यंदा ती नांदेडला येणार, हे कधीच ठरलं होतं, आणि हिने गच्चीवर झोका बांधायचाही बेत केला होता. गुरुजींना हे ठाऊक नव्हतं असं नाही.

"त्यांना सांगा," मी म्हणालो, "पंचमीला आम्ही तिला घेऊन तिकडंच येतो."