ड्रायव्हरमामांचं पाणी

बारा गावचं पाणी प्यायलेला माणूस, असं आपण कुणालाही म्हणतो. ड्रायव्हरमामांच्या बाबतीत ती नुसती माहिती होती. उभी हयात त्यांनी एसटी चालवली आणि गाडी थांबेल तिथलं पाणी प्यायले. विहिरीचं, टँकरचं, हॉटेलातल्या पिंपातलं. आमच्या सावेडीच्या सोसायटीत ते राहायला आले त्या दिवशी मी जिना पुसायला बादली भरून ठेवली होती. फडकं आणायला आत गेले आणि बाहेर येऊन बघते तर एक उंच, टकला, अनोळखी माणूस ओंजळीने त्या बादलीतलं पाणी पितोय. माझी बोबडीच वळली. "अहो, ते फरशीचं आहे," मी कशीबशी म्हणाले. त्यांनी मिशा पुसल्या. "फरशी अजून पुसली न्हाई ना? मंग झालं तर." आणि पिशव्या उचलून वरच्या मजल्यावर निघून गेले.

त्यांच्याबरोबरच्या ओळखीची सुरुवात अशी धक्क्याने झाली आणि पुढेही त्यांनी मला धक्क्यांशिवाय काही दिलं नाही. गेल्या वर्षी ते गेले. तोही धक्काच, पण तो सगळ्यांनाच बसतो.

माझ्या सासूबाईंचं आणि त्यांचं पहिल्याच आठवड्यात जमलं. आईंचं माहेर तिसगावकडचं आणि मामांची नोकरी शेवगाव डेपोतली. म्हणजे आई माहेरी जायच्या ती गाडी कधी ना कधी हेच चालवत असणार, असा दोघांनी हिशेब लावला. त्या वर्षी आईंनी त्यांना राखी बांधली. आई त्यांना 'ड्रायव्हर' म्हणायच्या, ते आईंना 'आक्का', आणि मी आपोआप 'सूनबाई' झाले. मामा ख्रिस्ती, त्यामुळे नाताळात त्यांच्याकडून आमच्याकडे करंज्यांचा डबा यायचा, दिवाळीत आमच्याकडून चकल्यांचा जायचा. दोन्ही डबे रिकामे परत करायचे नाहीत, असा आईंचा दंडक होता.

पाण्याच्या बाबतीत मात्र ही बहीणभावंडं दोन टोकांची. आईंचा स्वतःचा तांब्या होता आणि त्यातूनही त्या वरूनच पाणी प्यायच्या, भांड्याला ओठ लागू न देता. कुणाचं उष्टं त्यांनी जन्मात घेतलं नाही. पोटच्या मुलाचं नाही की नातीचं नाही. मामा चिडवायचे, "आक्का, तुमी पानी पीत न्हाई, पान्याला आंघोळ घालताय नरड्यात." आई म्हणायच्या, "तू पी बाबा, गटारातलंबी पी. तुझी टाकी लोखंडाची हाय."

मासे त्यांच्याकडे आले ते मुलीमुळे. बायको आधीच गेलेली, मुलगी पुण्याला. बापाचा वेळ जावा म्हणून तिने काचेची टाकी आणि रंगीत मासे आणून दिले. मामांनी माशांना आपल्या रस्त्यावरच्या थांब्यांची नावं ठेवली. करंजी, तिसगाव, अमरापूर. "आज अमरापूर जेवला न्हाई," असं ते जिन्यात गंभीरपणे सांगायचे आणि नवीन माणूस त्यांच्याकडे बघतच राहायचा.

पहिल्याच रविवारी त्यांनी टाकी घासूनपुसून लख्ख केली आणि नळाचं ताजं पाणी भरून मासे सोडले. त्या दिवशी पाण्यात जंतू मारायची टीसीएल पावडर जरा जास्तच पडली होती, चहालासुद्धा वास येत होता. दुपारी मामा आमच्या दारात उभे राहिले, हात कोपरापर्यंत ओले. "आक्का, समदे पॅसेंजर गेले." आम्हाला काही कळेना. "उभ्या नोकरीत माझ्या नावावर एक अपघात न्हाई. आन हे काय झालं?" वर जाऊन बघितलं तर मासे पाण्यावर आडवे तरंगत होते. एकटा तिसगाव तळाशी धापा टाकत होता. मासे मेले म्हणून एवढा मोठा माणूस खुर्चीत बसून लहान पोरासारखा रडतो, हे मी पहिल्यांदा बघितलं.

दुकानदाराने मग त्यांना त्या पावडरीचा असर मारणाऱ्या अँटीक्लोरीनची बाटली दिली आणि मामांना धर्म सापडला. पाणी आधी बादलीत काढायचं. बादलीच्या मापाने थेंब टाकायचे. ढवळायचं, थांबायचं. नवा मासा असेल तर तो पिशवीसकट टाकीत तरंगत ठेवायचा, आतलं-बाहेरचं पाणी एकसारखं होऊ द्यायचं. सगळं मनासारखं झालं की मामा नखाने काचेवर दोनदा टकटक करायचे, कंडक्टर घंटी मारतो तशी. मगच मासा सुटायचा. "डबल बेल मिळंस्तोवर गाडी हलवायची न्हाई, सूनबाई. घाई करनारा पोचत न्हाई." दुकानातून मासा आणताना ते पिशवी छातीशी धरून चालत यायचे, स्कूटरवर हिंदकळतो म्हणून. ज्या माणसाने करंजीच्या घाटात अर्ध्या जिल्ह्याची हाडं खिळखिळी केली, त्याला माशाचं हिंदकळणं सोसवत नव्हतं.

एकदा त्यांनी मला समजावून सांगितलं, "आपल्याला हवा तसं माशाला पानी. हवाच भाजाय लागली तर त्यानं पळायचं कुठं?" मला ते बोलणं फार आवडलं होतं. त्यातून पुढे काय निघणार आहे, हे तेव्हा कुणाला ठाऊक?

आईंची एक तक्रार कायमची होती, चहाला पावडरीचा वास येतो. मामा रोज संध्याकाळी चहाला यायचे आणि रोज ती ऐकायचे. उन्हाळ्यात कधीतरी तो वास गेला. चहा सुधारला, वरणाला चव आली. सोसायटीत जो तो म्हणू लागला, पाणी गोड झालंय. सेक्रेटरींनी तर याचं श्रेय स्वतःच्या पाठपुराव्याला दिलं. मामा काही बोलायचे नाहीत. बशीत चहा ओतून खाली मान घालून हसायचे. पंपाची आणि गच्चीवरच्या टाकीची किल्ली त्यांच्याकडेच असायची, रिकामा माणूस म्हणून सगळ्यांनी ते काम त्यांच्या गळ्यात घातलं होतं.

पावसाळ्यात आमच्या इमारतीत कावीळ आली. आधी तळमजल्यावर, मग आमच्या शेजारी, मग आई. बाकीचे घरीच बरे झाले, आईंना दवाखान्यात ठेवावं लागलं. डोळे हळदीसारखे, अन्नाचा वास आला तरी उलटी. डॉक्टर आमच्या ह्यांना बाजूला घेऊन हळू आवाजात बोलले. मामा रोज दवाखान्याच्या बाकावर येऊन बसायचे. त्यांना स्वतःला काहीच झालं नव्हतं.

महापालिकेकडून पाणी तपासायला एक बाई आल्या. पार्किंगमध्ये आम्ही सगळे गोळा झालो. त्यांनी दोन नळ्यांत पाणी घेतलं, एक रस्त्यावरच्या नळाचं, एक आमच्या टाकीचं, आणि दोन्हींत औषध टाकलं. रस्त्यावरचं पाणी पिवळं झालं. आमचं होतं तसंच राहिलं. आम्हाला वाटलं, आमचंच चांगलं. बाई म्हणाल्या, "उलटं आहे. पिवळं झालं म्हणजे जंतू मारायचं औषध पाण्यात आहे. तुमच्या टाकीत ते औषधच नाही. खालच्या हौदाला तडा गेलाय, गटाराचं पाणी झिरपतंय. औषध असतं तर कदाचित एवढं झालं नसतं. ही घाण पोटात गेली की महिनाभरानं उठते. पण मला कळत नाही, रस्त्यापर्यंत आलेलं औषध तुमच्याकडे येऊन जातं कुठं?"

सेक्रेटरींनी लगेच टाकी धुणाऱ्याला फोन लावला. काय टाकलंस टाकीत, पोलिसांत देतो, हातपाय मोडतो, सगळं सुरू झालं. तो बिचारा पलीकडून शपथा घेत होता. तेवढ्यात मामा मागून पुढे आले.

"त्याला कशाला बोलता? पान्यातलं औषध म्या मारलं."

त्यांनी पिशवीतून एक पुडा काढून बाईंच्या पुढे धरला. आत खडीसाखरेसारखे खडे होते. "माशाच्या पान्यात थेंब टाकतो ना, त्याचंच हे मोठं औषध. दर रविवारी टाकत हुतो. आक्काच्या चहाला वास येत हुता. माशाला सोसत न्हाई ते मानसानं का सोसायचं, म्हनून."

सेक्रेटरींच्या हातातल्या फोनमधून टाकीवाल्याचा आवाज येत होता, "हॅलो, साहेब, ऐकताय ना?" बाईंनी पुडा घेतला, वाचला आणि डोक्याला हात लावला.

पाणी गोड झालं म्हणून आम्ही दोन महिने घटाघटा पीत होतो, ते हेच. सेक्रेटरींवर, फुटक्या हौदावर काढायचा तो सगळा राग माझ्या तोंडून मामांवर निघाला. "तुमच्या माशांपायी माझी सासू मरायला टेकलीये. गप्प बसला असता तर निदान तुमचं तोंड तरी बघता आलं असतं." ते मान खाली घालून ऐकत राहिले. हौदाचा तडा त्यांनी पाडला नव्हता, हे कुणीतरी म्हणालं. मला ते ऐकूही आलं नाही.

दवाखान्यात आईंना मीच सांगितलं. "चहाचा वास गेला हुता खरा," एवढंच त्या म्हणाल्या आणि भिंतीकडे तोंड करून झोपल्या. दुसऱ्या दिवशी मामा आले तेव्हा त्यांनी चादर डोक्यावरून ओढून घेतली. मामा दाराशी उभे राहिले आणि तसेच परत गेले.

आई वाचल्या, पण सावरायला दिवाळी उलटली. नाताळात करंज्यांचा डबा आला. आईंनी तो न उघडता परत पाठवला, काविळीनंतर तळलेलं चालत नाही म्हणून. डबा रिकामा परत करायचा नाही हा दंडक त्यांनी असा पाळला. त्यानंतर थोड्याच दिवसांत मामा फ्लॅट विकून शेवगावला पुतण्याकडे गेले. टेम्पोत मागे बसले होते, माशांचा कॅन मांडीवर घट्ट धरून. आई खिडकीत आल्या नाहीत. मी पडद्याआडून बघितलं.

पुढच्या वर्षी राखीपौर्णिमेला सकाळी आई नेसून तयार होऊन बसल्या. "शेवगावला जायचंय." मी म्हटलं, "कशाला?" "एसटीनं जायचंय," त्या म्हणाल्या. हे माझ्या प्रश्नाचं उत्तर नव्हतं, पण आईंशी वाद घालून कोण जिंकलंय?

पुतण्याच्या घरी ओसरीवर माशांची टाकी होती, शेजारी बाटली. तिसगाव जिवंत होता. आत चुलीवर मोठं पातेलं उकळत होतं. पुतण्याची बायको मामांबद्दल मला हळूच म्हणाली, "येईल त्याला उकळलेलंच पानी देत्यात. पोस्टमनलासुदिक. आन आदी सोता पेत्यात, मंग समोरच्याला बसवून ठिवत्यात. गाव हसतं." बारा गावचं पाणी बिनघोर प्यायलेला हा माणूस.

मामा बाहेर आले. निम्मे झाले होते. आईंकडे त्यांनी बघितलं नाही. गाळून, झाकून ठेवलेल्या हंड्यातून एक पेला भरला, उभ्याउभ्या निम्मा प्यायले आणि तो स्टुलावर ठेवून समोर बसले. "वाईच थांबा, आक्का. मला काय हुतंय का बघू. मंग तुमाला दुसरा भरून देतो."

घाण महिनाभराने उठते, हे महापालिकेच्या बाईंनी सांगितलं होतं तेव्हा मामा तिथेच उभे होते. त्यांनाही ते माहीत असणार. तरी ते गुडघ्यांवर हात ठेवून, शिक्षेला बसावं तसे बसून राहिले.

आई उठल्या. त्यांनी स्टुलावरचा तोच पेला उचलला. मला वाटलं, बाजूला ठेवतील. त्यांनी नखाने पेल्यावर दोनदा टकटक केलं.

"डबल बेल दिली रे, ड्रायव्हर," त्या म्हणाल्या, आणि पेल्याला ओठ लावून उरलेलं सगळं पाणी प्यायल्या.

माझा माझ्या डोळ्यांवर विश्वास बसेना. स्वतःच्या मुलाचं उष्टं न घेतलेली ती बाई पेला पालथा ठेवून पदराने तोंड पुसत होती. "गार हाय," त्या म्हणाल्या. मग कमरेची पिशवी सोडून राखी काढली. "आन आता हात कर."

मामांनी हात पुढे केला. तो इतका थरथरत होता की राखीची गाठ बसेना. शेवटी मीच पुढे झाले आणि तो धरून ठेवला.