चिकाचे हात

"मना हातले चीक शे, ताई." पोरीला घे म्हटलं की तो दोन्ही हात पाठीमागे नेऊन एवढंच सांगायचा.

काम केळीचे घड कापायचं. केळीचा चीक कापडाला लागला की डाग जन्मात निघत नाही, हे आमच्या रावेरकडे कुणाला सांगायला नको. तो मूळचा एरंडोलकडचा, मी समोरच्या घरातली अंगणवाडीची ताई. बाळंतपणानंतर बाराव्या दिवशी त्याची बायको गेली आणि हा एवढा बाप्या माणूस तान्ह्या पोरीसमोर चोरासारखा उभा. सासू पिंपळनेरहून येऊन राहिली होती. सव्वा महिना झाला की पोरीला नेते म्हणत होती. तो नको म्हणाला. मग सांभाळून दाखवा, असं तिने बजावलं.

झालं, माझ्याकडे शिकवणी सुरू! कामावरून आला की हाताला गोडेतेल चोळायचा, साबण लावायचा, हुंगून बघायचा. पाय लांब करून पाटावर बसवला, पायांवर पोर पालथी घातली, तर याचे पाय लटलट कापायला लागले. खांद्यावरून घड वाहणारा गडी बघितलाय ना तुम्ही? तोच हा. मी पोट धरून हसले. पण पंधरा दिवसांत पोर त्याच्या पायांवर रडायची थांबली, हे खरं.

एक दिवस ऊन फार होतं. पोरीला गारवा म्हणून त्याने केळीचं कोवळं पान आणून झोळीत अंथरलं. हात धुतले होते बिचाऱ्याने, पान पुसायचं राहिलं. पोरीच्या डोक्याला आईने गरोदरपणी सातव्या महिन्यात शिवलेली पांढरी कुंची होती. संध्याकाळपर्यंत तिच्यावर तपकिरी डाग उमटले.

सासूने पोरीची कुंची उतरवली. मला बाजूला घेऊन विचारलं, ह्यांना जमेल का?

"माणूस सोन्यासारखा आहे हो," मी म्हटलं, "पण तान्ह्या लेकराला बाईमाणूसच लागतं."

का बोलले मी असं? सगळं डोळ्यांनी बघत होते, तरी बोलले. त्याला हे अजून माहीत नाही.

सासू पोरीला पिंपळनेरला घेऊन गेली. कुंची तेवढी त्याने मागून घेतली. पावसाळ्यात केळीचं काम सोडून तो नरडाण्याला कारखान्यात लागला. दिवाळीला माझ्या दारात आला आणि दोन्ही हात पुढे धरले.

"आते चीक नही शे, ताई. सासूले सांगा ना तुम्ही."

मी तिथूनच फोन लावला. पोर आता मामीच्या अंगावर पिते, मामीशिवाय झोपत नाही, आता कशाला हलवायची, सासू म्हणाली. मी फोन ठेवला. सासूचं बोलणं त्याला ऐकू गेलं होतं. त्याने हात पाठीमागे नेले.