पुलाअलीकडच्या सुमनताई

मी बाजाराला निघाले की सुमनताई मला सोडायला नेहमी नाल्याच्या पुलापर्यंत यायच्या आणि पुलाच्या कडेशी थांबायच्या. बोलणं अर्धवट राहिलं तर मी पलीकडे पोचल्यावर उरलेलं ओरडून सांगायच्या. कॅम्प पाचात मी नवीन होते तेव्हा मला वाटलं, बाईला पाण्याची भीती असेल.

भीती नव्हती, बंधन होतं. सुमनताई घडीकर होत्या. दिसायला साध्या कल्हईवाल्या, तीच भट्टी, तोच भाता, तोच नवसागराचा धूर. पण घडीकरांनी पितळी डब्याला आतून कल्हई केली की त्या वेळी समोर जे चाललं असेल, ते कथलाखाली बसायचं. पुढे कधीही झाकण उघडा, तेवढी घडी जशीच्या तशी ऐकू यायची. मात्र ज्याने ती भरली त्याने डब्याच्या हाकेच्या अंतरात राहायचं, लांब गेला की घडी विरते. डबा रिकामा करायचा तर मालकाने आपणहून आणून द्यायचा. घडीकराने मागायचा नाही, सुचवायचंसुद्धा नाही.

"दिलेल्या घडीवर डोळा ठेवायचा नाही, मंगल," त्या म्हणायच्या.

तरुणपणी एकदा त्या महाशिवरात्रीला अंबरनाथच्या शिवमंदिरात गेल्या होत्या. जाऊन लगेच यायचं, तेवढ्यात काय होतंय, असं मनाशी म्हणत. परतल्या तेव्हा त्यांनी भरलेल्या पहिल्याच डब्यातून शेजारच्या एका बाईच्या गेलेल्या मुलाचा आवाज पुसला गेला होता. ती बाई भांडली असती तर बरं झालं असतं. ती नुसती उघडा डबा घेऊन यांच्या दारात बसून राहिली. त्यानंतर सुमनताईंनी पूल ओलांडला नाही.

पुढे घरोघर स्टील आलं. लोकांनी एकेक करून डबे रिकामे करून घेतले आणि मोकळी झालेली घडीकर मंडळी कुठे कुठे निघून गेली. गल्लीत भरलेला डबा एकच उरला, सुमनताईंच्या हातचा, कमलाभाभींचा. भाभी सिंधी, आमच्या समोरच राहायच्या. डब्यात त्यांच्या वारलेल्या शेठची एक संध्याकाळ होती. रोज दिवेलागणीला झाकण उघडायचं आणि शेठचा खोकला ऐकू यायचा, मग आवाज, "कमला, पापड तो ला!" त्या एका पापडासाठी सुमनताई अडकून पडल्या होत्या.

त्यांची मुलगी रेखा बदलापूर गावात दिली होती. तिला दिवस गेले. आधीचं एक मूल पोटातच गेलेलं, त्यामुळे डॉक्टरांनी पडून राहायला सांगितलं. घरात करणारं दुसरं बाईमाणूस नव्हतं. तिचा फोन माझ्या मोबाइलवर यायचा.

"आई, दोन स्टेशनं आहेत गं फक्त! मला भीती वाटते. ये ना."

"येईन हं," सुमनताई म्हणायच्या आणि फोन माझ्या हातात देऊन भाता पुसत बसायच्या. भट्टीत विस्तव नसतानाही.

माझा जिभेवर ताबा कमीच. एक दिवस बोलून गेले, "त्या म्हाताऱ्याच्या पापडापायी पोरीला एकटी टाकताय?"

"पापड नाही गं तो. नवरा आहे तिचा."

मग मात्र मला राहवेना. घडीकरांचे नियम घडीकरांना, मला नाहीत. तडक भाभींच्या घरी गेले आणि सगळं सांगून टाकलं. भाभींनी डबा मांडीवर घेतला. मग म्हणाल्या, "रोज वही एक बात, मंगल. आगे कुछ बोलते ही नहीं. और मैं भी रोज शाम को यहीं बैठी रहती हूँ. कहीं गई ही नहीं."

दुसऱ्या दिवशी त्या डबा पदराखाली धरून आल्या. सुमनताईंनी माझ्याकडे रोखून बघितलं.

"इसको क्या देखती है? मैं अपने मन से लाई हूँ," भाभी म्हणाल्या. झाकण शेवटचं म्हणून उघडलं. शेठ खोकले, त्यांनी पापड मागितला. भाभींनी "लाई" म्हटलं आणि डबा निखाऱ्यावर ठेवला. कथील पाझरलं. आम्ही तिघी रडलो, लाज न बाळगता.

पुलाशी आल्यावर सुमनताईंचं पाऊल सवयीने अडलं. भाभींनी त्यांच्या पाठीवर थाप दिली, "चल, चल!" आणि त्या गेल्या.

रेखाला मुलगी झाली, सुखरूप. सुमनताई दिवाळीला येतील म्हणून मी वाट पाहिली, पुढच्याही दिवाळीला पाहिली. शेवटी फराळ घेऊन मीच बदलापूरला गेले. नात अंगणात कोंबडीमागे धावत होती. फळीवर एक छोटा पितळी डबा होता, आतून लखलखीत. सुमनताईंनी झाकण उघडलं आणि तान्ह्या बाळाचं पहिलं रडणं खोलीभर झालं.

"पुन्हा?" मी कपाळावर हात मारला. "सुटलात कशाला मग?"

"ही जपायला."

मला रागही आला आणि हसूही. भाभींना मी काय सांगणार होते, देव जाणे. निघाले तेव्हा त्या मला सोडायला गावच्या विहिरीपर्यंत आल्या आणि तिथे थांबल्या. मी वळणापर्यंत पोचले तेव्हा मागून उरलेलं वाक्य ओरडून आलं, "मंगल, आता तूच येत जा गं!"