खळीचा घोट

सोलापुरात विणकरांच्या गल्लीत सुताला लावायची खळ मी आंबील समजून प्यालो.

सायकलवरून गल्ल्या हिंडायच्या आणि दिसेल ते चाखायचं, हे माझं जुनं व्रत. गल्लीभर ताणलेल्या सुताशेजारी पातेलं होतं, आंबूस वास होता, वर तांब्याही होता. एक मावशी पाठमोऱ्या उभ्या राहून सूत सारखं करत होत्या. विचारायचं सोडून मी तांब्या बुडवला आणि रसिकासारखे डोळे मिटून मोठा घोट घेतला.

आधी आंबट, मग कुबट, आणि मग ते गिळगिळीत प्रकरण घशातून ना खाली जाईना ना वर येईना. शेंबूड गिळल्यासारखं वाटलं. मला उमासे येताना पाहून मावशी किंचाळल्या, "अहो दादा, खळ आहे ती! गटाराकडं व्हा! सुतावर शिंतोडा उडाला तर अख्खी साडी जाईल माझी!"

गटारावर ओणवा झालो. समोर माझीच सकाळची भजी तरंगत होती, पण खरी किळस आली ती माझ्या जिभेची. लोक दारात आपलं काम मांडतात आणि आपण सायकलची घंटी वाजवत येतो, जणू पानच वाढून ठेवलंय. कौतुक म्हणतो आपण त्याला. असतो निव्वळ हावरटपणा, वर टोपी घातलेला.

मागे सूत कोरडंच होतं. मावशींनी पातेलं उचलून लांब ठेवलं आणि शेजारणीला म्हणाल्या, "बघ गं. सूत खळ पिऊन ताठ होतं. हे पार वाकले."