कोल्हापूर दर्शनाचा पास आन माझी जाऊ

मी जलमल्यापासनं कोल्हापुरात हाय, आन राजवाडा मी अजून आतनं बघितल्याला न्हाई. एकदा बघायला गेलते. पुऱ्या दिवसाचा पास काढून गेलते. तरीबी न्हाई बघितला.

माझ्या सुनंदीचं लगीन जमवायचं चाललं हुतं तवाची ही गोष्ट. सुनंदी माझी एकुलती एक. तिचा बा शिरोलीला फौंड्रीत हुता. ती आठ वर्साची असताना छातीच्या दुखण्यानं गेला. मग त्याच फौंड्रीत मी वाळू चाळायला लागले. चौदा वर्सं चाळली. (अजून खोकला आला की वाटतंय, एकादा साचा भरंल एवढी वाळू आत शिल्लक असंल!) पोरगी शिकली, नर्स झाली. म्हटलं, आता हिला चांगलं घर मिळालं की आपुन मोकळं.

पर एक अडचण हुती. सुनंदीचं एकदा ठरून मोडलं हुतं. ते स्थळ माझ्या थोरल्या जावंनं, हिराबाईनं आणल्यालं. तिच्या मावसभावाचा पोरगा. साखरपुड्याच्या पंगतीत त्यो पोरगा भात कालवत म्हटला, "मोटरसायकल कवा देताय?" मी तोंड उघडायच्या आत माझी लेक उठली आन म्हटली, "मग मोटरसायकलीसंगटच लगीन लावा की!"

झालं! पंगत उठली. भात तसाच. जाऊ सगळ्या पावण्यांत तोंडघशी पडली. तवापासनं चार वर्सं ती माझ्याशी बोलत न्हवती, मी तिच्याशी बोलत न्हवते, आन सुनंदीला बघायला कुणी येत न्हवतं.

अशात पिंपरीसनं पत्र आलं. पोरगा कारखान्यात कायम. आई शाळंत बाई, बा पोस्टमास्तर, आता रिटायर झाल्याला. पत्रात लिवलं हुतं, "आम्ही दोघे सकाळी येऊ, मुलगी पाहू, कोल्हापूरही पाहू आणि संध्याकाळच्या गाडीने परत जाऊ." सुनंदीनं वाचून दाखवलं. मी म्हटलं, "मुलगी बघायला अर्धा तास लागंल. ऱ्हायल्याल्या दिवसाचं काय करायचं?"

आमच्या दोन खोल्या. दिवसभर बसवून ठेवलं तर शेजारच्या बायका चार वेळा साखर मागायला येणार, आन साखरंच्या बदल्यात मोडल्यालं लगीन सांगून जाणार! त्यास्नी भाईर काढणं भाग हुतं.

"आई, रिक्षा कर," सुनंदी म्हटली.

"रिक्षावालं समदं आपल्या वळकीचं. तोंडाला कुलपं नसल्याली माणसं."

"मग शिटी बस."

"तिच्यात तर आपली भावकीच असती."

तवा स्टँडापाशी एका ट्रॅव्हल्सवाल्यानं नवीन टूम काढली हुती. पांढरी मिनीबस. कोल्हापूर दर्शन. एकदा पास काढायचा, मग दिवसभर कुठं बी उतरा, कुठं बी चढा. पास म्हाग हुता. माझी तीन दिवस वाळू चाळायची मजुरी जात हुती. दोन रात्री मी ईचार केला. काढू का नको? काढू का नको? शेवटी म्हटलं, काढायचा.

"अगं, एवढं पैसं?" सुनंदी म्हणाया लागली.

"ती गाडी फकस्त बघायच्या ठिकाणी थांबती," मी म्हटलं. "मला सांग, आपलं कुणी पावणं राजवाड्यात ऱ्हातंय का?"

पोरगी पासाचं पैसं मोजाया बसली. मला माझ्या अकलेचं लई कौतिक वाटलं. (ते त्या दिवशी साडेनऊपर्यंत टिकलं.)

पावणं आलं. जयभीम झाला. पोहं झालं. बाई मोजकं बोलायच्या. चष्म्यातनं अशा बघायच्या की मला वाटायचं आता पाढं म्हणाया लावत्यात. मास्तर, म्हंजे त्यांचं मालक, निस्तं हसायचं. सुनंदीला दोन-चार प्रश्न इचारलं, तिनं नीट उत्तरं दिली. मग आमी चौघं स्टँडावर गेलो, पास काढलं आन गाडीत बसलो. गाडीत आमच्याशिवाय एकच माणूस. सांगलीचा. कोट घातल्याला, गळ्यात कॅमेरा.

ड्रायव्हरनं आरशातनं माझ्याकडं बघितलं. मग मान वळवून बघितलं. मग खाली उतरून, दार उघडून बघितलं.

"आक्का! तुमी व्हय!"

दिनकर! माझ्या जावंचा सख्खा धाकटा भाऊ! मिशा वाढवल्यामुळं मी वळकला न्हवता.

"लेकीला बघायला आल्यात जणू पावणं!" त्यो असा वराडला की स्टँडावरची निम्मी माणसं वळली. "आवो मग पास कशाला काढला? घरचीच गाडी हाय की! बसा पावणं, आज समदं कोल्हापूर दावतो!"

मी हळूच म्हटलं, "दिनकर, निस्ता रंकाळा आन राजवाडा दाव बाबा. वाटंत कुठं थांबू नगंस."

"छ्या, छ्या, कुठंच थांबत न्हाई," त्यो म्हटला, आन धा मिन्टांत सोताच्या घरापुढं थांबला.

त्येचं घर रंकाळ्याच्या मागल्या गल्लीत. बायकूनं शिरा केला. च्या केला. बाई म्हटल्या, "अहो, आम्ही आत्ताच पोहे खाल्ले." दिनकरची बायकू म्हटली, "ते त्यांच्या घरचं खाल्लासा. आमच्या घरचं कुठं खाल्लंय?" बाईंनी बशी पुढं केली. सांगलीवाल्यालाबी आत वडून बसवला. त्यो म्हणत हुता, "मी ह्यांच्यातला न्हाई वो!" दिनकर म्हटला, "असू दे की. पोट तर हाय न्हवं?"

रंकाळा आमी मोरीच्या खिडकीतनं बघितला. टाचा वर केल्या की पाणी दिसायचं.

मग बिंदू चौक. तिथं माझा भाऊ पांडुरंग मिसळीचा गाडा लावायचा. दिनकरनं गाडी हळू करून हाळी दिली, "पांडबा, तुझ्या भाचीची पावणं आणल्यात बघ!" आता भाचीची पावणं मिसळ न खाता पुढं गेली तर भावाला चौकात तोंड दावायला जागा ऱ्हाती का? त्येनं वाट्या भरल्या. वर कट वतला, वर आनखी कट वतला. मास्तरांनी पैला घास घेतला आन त्यांचं हसू बंद पडलं. कानापसनं घाम गळाया लागला.

"तिखट झालं का पावणं?" भावानं इचारलं.

"छे, छे," मास्तर म्हटलं. डोळ्यांतनं धारा.

"मग आनखी घ्या!"

सांगलीवाला म्हटला, "पॅलेस कवा?"

"आता पंचगंगा, मग पॅलेस," दिनकर म्हटला.

घाटावर गेलो. देवळं, दीपमाळा दावाव्या म्हणून बाईस्नी घेऊन पायऱ्या उतरले, तर खाली शांता धुणं बडवत बसल्याली. माझ्यासंगट चौदा वर्सं फौंड्रीत असल्याली शांता! मी तोंडावर पदर घेतला, पर माझी चाल तिनं वळकली.

"ए! सुनंदीची सासू का गं ही?"

"अजून न्हाई!" मी म्हटलं.

शांता वल्ल्या हातानंच आली आन बाईंचा हात धरून बसली. "बाई, तुमास्नी सांगते. हिचा नवरा गेला, आन पंधराव्या दिवशी ही कामावर. डोळ्यांत पाणी आलं की म्हणायची वाळू गेली. वाळूनं एवढं पाणी येतंय व्हय कुणाच्या डोळ्यात? मुकादमानं एकदा पगार कापला तर ह्या सुनंदीनं, तिसरीत असताना, त्येला जाऊन इचारलं, माझ्या आईनं कमी वाळू चाळली का?"

मला कुठं तोंड घालू आन कुठं नको झालं. पोरगी तोंडाची फटकळ हाय हेच तर मला झाकायचं हुतं! बाईंनी चष्मा काढून पुसला, परत घातला. मास्तर तवर घाटावर दिसतच न्हवतं. सकाळपासनं दारोदारी मिळून सात च्या झालं हुतं त्यांचं. ते कुठल्या कामाला गेल्यात हे इचारायची गरज न्हवती.

गाडीत बसलो. तीन वाजलं हुतं. दिनकर म्हटला, "आता एकच. ताईकडं जाऊ."

मी सीटवरनं उठले. "कुठल्या ताईकडं?"

"आमच्या हिराताईकडं! राजारामपुरीत. तिला कळलं की तुमची पावणं माझ्या गाडीत असून मी आणली न्हाईत, तर मला जित्ता सोडंल व्हय?"

"दिनकर, उतरव मला."

"आक्का, पास हाय न्हवं? मग फिरायचं की!"

"मला पास नको. हितंच उतरव."

"पॅलेस!" सांगलीवाला वराडला.

दिनकरनं दोघांचंबी ऐकलं न्हाई. राजारामपुरीच्या गल्ल्या सगळ्या सारख्या. मी मनात म्हणत हुते, ह्यो चुकू दे, ह्यो चुकू दे. पर भईणीच्या घराला कोण चुकतंय? गाडी दारात हुबी ऱ्हायली. हॉर्न वाजला. जाऊ भाईर आली. मी तिला बघितलं, तिनं मला बघितलं. चार वर्सं झाली हुती. जाडी झाल्याली. माझ्या मनात आलं, मीबी तिला वाळल्याली वाटत आसणार.

"या," ती म्हटली. एवढंच.

सगळी आत बसलो. दिनकरनं उगच सांगितलं, "ताई, सुनंदीला बघायला आल्यात. पिंपरीचं."

जाऊ बाईंच्या म्होरं हुबी ऱ्हायली, कमरंवर हात. "तुमास्नी ह्यांनी सांगितलं का? ह्या पोरीनं माझ्या मावसभावाच्या पोराला साखरपुड्यात उठवून लावलं ते?"

मी डोळं मिटलं. चौदा वर्सांची वाळू एका टोपल्यात माझ्या डोक्यावर पडली असती तरी हलकी वाटली असती.

"का उठवलं?" बाईंनी इचारलं. शाळंतला आवाज.

"त्येनं मोटरसायकल मागितली म्हणून," सुनंदी सोताच म्हटली. "मी न्हाई म्हटलं. आजबी कुणी मागितली तर न्हाईच म्हणंन."

मी लेकीला चिमटा काढाया गेले तर घाईत सांगलीवाल्याला काढला. त्यो ताडकन उठला. "अवो बाई, व्हय म्हणा न्हाईतर न्हाई म्हणा, पर कायतरी म्हणा की! पाचला पॅलेस बंद हुतोय!"

जाऊ त्येच्यावर डाफरली, "गप बसा! माझं बोलणं झालंय व्हय?" मग बाईंकडं वळली. "त्या पोराचं पुढं लगीन झालं. मोटरसायकल घेऊनच झालं. वर्साच्या आत बायकूला मारून माह्यारी धाडली त्येनं. ही पोरगी तवा उठली ते लई बरं केलं." मग माझ्याकडं न बघता भिंतीकडं बघून म्हटली, "हे मी तवाच म्हणायला पायजे हुतं. न्हाई म्हटलं. आता म्हंते. च्या टाकू का सरबत?"

मी म्हटलं, "च्याच टाक."

चार वर्सांचं भांडण एका कपात मिटलं, आन त्या कपात साखर घालायची ती इसरली हुती. मी सांगितलं न्हाई. पिऊन टाकला.

राजवाड्यापाशी पोचलो तर फाटक लावल्यालं. सांगलीवाल्यानं फाटकाचा फोटू काढला आन कुणाला न बोलता चालत निघून गेला. पिंपरीची गाडी सुटायला थोडाच येळ हुता. सगळी परत स्टँडावर. बाई घड्याळ बघत आपली गाडी हुडकाया लागल्या. मी मनाशी म्हटलं, गेलं हेबी स्थळ. पावण्यांस्नी ना रंकाळा दावला, ना राजवाडा. दावलं काय, तर माझी वाळू, माझ्या लेकीची जीभ आन माझ्या घरातलं भांडण. घरात दोन खोल्यांत बसवलं असतं तर शेजारणींनी एवढं सांगितलं नसतं!

गाडी लागली. बाई पायरीवर पाय ठेवून वळल्या.

"ताई, खरं सांगते. आम्ही कोल्हापूर पाहायला आलोच नव्हतो. इकडेतिकडे तुमची चौकशी करणार होतो. दोन-तीन खेपा कराव्या लागतील असं वाटलं होतं. तुम्ही एका दिवसात सगळे नातेवाईक समोर उभे केलेत. इतकं उघडं घर आम्ही पाहिलं नाही."

"आमी कुठं उघडलं, बाई," मी म्हटलं. "त्यो दिनकर—"

"मुलगी आम्हाला पसंत आहे."

मी सुनंदीचा हात धरला. तेवढ्यात बाई म्हटल्या, "पण आमची एक अट आहे."

लेकीचा हात एकदम ताठ झाला. मी म्हटलं, आली! मोटरसायकल आली! सुनंदीनं बोलायला श्वास घेतला, तिचा तोंडाचा पट्टा सुटायच्या आत मी तिचा पाय माझ्या पायाखाली दाबला. "बोला, बाई."

बाईंनी मास्तरांकडं बघितलं. ते खिडकीत बसल्यालं, पोटावर हात ठेवून.

"लग्नाला आमची चाळीस माणसं येतील. त्यांना कोल्हापूर दाखवायला कृपा करून तुम्ही येऊ नका."

मी जागच्या जागी कबूल झाले. माझ्या एकुलत्या एक लेकीच्या लग्नात मुलाकडच्यास्नी मी हुंडा म्हणून दिलं ते एवढं एकच वचन, आन खरं सांगायचं तर चाळीस माणसांनी तेच सगळ्यात मनापासनं घेतलं!