न वाचता छापलेलं त्रैमासिक

जुनी ख्रिस्ती त्रैमासिकं वाचवणारा माणूस म्हणून आमच्या चर्चच्या मंडळीत माझी थोडीफार ख्याती आहे. ती बहुतांशी मीच पसरवली आहे. कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झालो, तेव्हा बायकोने दळण आणि भाजी ही दोन खाती माझ्याकडे सोपवायचं ठरवलं होतं. त्यातून सुटायला मला एखाद्या थोर कार्याची निकड होती. ते चर्चच्या मागच्या खोलीतल्या कपाटात सापडलं.

नाताळच्या तारे-चांदण्या आणि भाता फाटलेली एक पेटी यांच्यामागे एका प्रॉटेस्टंट धर्मशास्त्रीय त्रैमासिकाचे गठ्ठे होते. मिशनरी आणि आपल्याकडचे जुने पाळक मिळून ते मराठीत चालवायचे. कागद पिवळा पडला होता, कडा कसरीने खाल्ल्या होत्या. मी तिथल्या तिथे ठरवलं की या ठेव्याचं पुनर्मुद्रण करायचं. मूळ पानं जशीच्या तशी, काना-मात्रेचाही फरक न करता. तसं जाहीर करताना माझा आवाज थोडा कापला, म्हणे.

मग मी औषधाच्या दुकानातून पांढरे हातमोजे आणले. ‘कुणाचं ऑपरेशन आहे?’ बायकोने विचारलं. हातमोजे घालून, जीर्ण अंकावर झुकलेला असा माझा फोटो मंडळीच्या ग्रुपवर टाकला. पुढचे कित्येक महिने हडपसरच्या आमच्या फ्लॅटमध्ये जेवणाच्या टेबलावर स्कॅनर होता आणि आम्ही दोघं ताटं मांडीवर घेऊन जेवत होतो. मी एकेक पान सपाट धरायचो, स्कॅन करायचो, कॉम्प्युटरवर त्याचे डाग पुसायचो, तिरकं असेल तर सरळ करायचो. एवढं ज्ञान माझ्या डोळ्यांखालून गेलं, पण पालथ्या घड्यावर पाणी. कारण मी त्यातलं काहीच वाचलं नाही. पान सरळ आलंय ना, आकडा दिसतोय ना, एवढंच बघायचो. वाचणं हे वाचकाचं काम, अशी माझी सोयीची समजूत होती. माझी स्वतःची प्रस्तावना तेवढी इतक्यांदा वाचली की ती बायकोला पाठ झाली.

प्रकाशन चर्चच्या हॉलमध्ये झालं. ‘या ग्रंथातलं अक्षर न् अक्षर आजही आपल्याशी बोलतंय,’ असं मी भाषणात ठणकावून सांगितलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या, बटाटेवडे संपवले आणि पुस्तकाचे गठ्ठे जवळजवळ तसेच राहिले. दुसऱ्याच दिवशी चर्चच्या समितीतल्या एका ज्येष्ठांचा फोन आला. ऋणनिर्देशात त्यांचं नाव राहून गेलं होतं. शिवाय नारायण पेठेतल्या छापखान्याने दोन पानांची अदलाबदल केली होती, पण ती त्यांच्या लक्षात आली नव्हती. शुद्धिपत्र छापून प्रत्येक प्रतीत घालायचं ठरलं.

त्याच आठवड्यात वारज्याहून एका बाईंचा फोन आला. आमच्याच मंडळीतल्या, मिशनच्या दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स. निम्म्या मंडळीला त्यांनी कधी ना कधी सुई टोचलेली, त्यामुळे सगळे त्यांना सिस्टर म्हणतात आणि थोडे दबकून असतात. ‘सलाम, सर,’ त्या म्हणाल्या. ‘तुमचं पुस्तक वाचतेय. जरा घरी याल का?’

मी हरखलो. पहिला वाचक! इस्त्रीचा शर्ट घातला, त्यांना कुणाला भेट द्यायला लागल्या तर म्हणून दोन जादा प्रती पिशवीत टाकल्या, सहीसाठी चांगलं पेन घेतलं आणि शहराच्या या टोकापासून त्या टोकाला दोन बस बदलून गेलो.

सिस्टरनी चहा दिला. पुस्तक टेबलावर होतं, मध्ये पेन्सिल घातलेली. त्यांनी ते पान उघडून माझ्यापुढे केलं.

‘हा लेख तुम्ही वाचलाय ना?’

‘अर्थात,’ मी म्हणालो. ‘फार मोलाचा लेख आहे.’

मग चष्मा लावून त्यांनी एक परिच्छेद मोठ्याने वाचला. लेखक कोणी जुने विद्वान पाळक होते. बाप्तिस्मा होण्याआधी जी बाळं मरतात त्यांच्या तारणाची, म्हणजे ती देवाजवळ जातात याची, खात्री मंडळीने आईबापांना देऊ नये, असं त्यांनी मुद्दे घालून सिद्ध केलं होतं. आळस करणाऱ्या आईबापांना जरब बसावी, हाही एक मुद्दा होता.

‘माझी पहिली मुलगी अशी गेली,’ सिस्टर म्हणाल्या. ‘पन्नास वर्षं होऊन गेली. बाप्तिस्म्याचा रविवार ठरला होता. माझा भाऊ नगरहून यायचा होता, त्याला रजा मिळाली नाही, म्हणून मीच म्हटलं, एक आठवडा पुढे ढकलू. त्या आठवड्यात ताप आला आणि गेली. हे आळसात बसतं का, मला माहीत नाही. पण हे खरं आहे का, सर?’

मी घसा खाकरला. ‘त्याचं असं आहे सिस्टर, की हा एक ऐतिहासिक दस्तऐवज आहे...’

‘इतिहास नाही विचारला मी. खरं आहे का, ते विचारलं.’

मी म्हणालो, ‘बघून सांगतो.’ गॅसचं कनेक्शन का बंद आहे ते विचारल्यावर खिडकीतला माणूस सांगतो, तसं. परतीच्या बसमध्ये त्या जादा प्रती मांडीवर होत्या आणि मला स्वतःची अशी लाज वाटत होती की मी खिडकीबाहेरच बघत राहिलो.

घरी येऊन मी ते त्रैमासिक पहिल्यांदा वाचायला घेतलं. अशा अंकांची एक चांगली रीत होती. एकाने लेख लिहिला की पुढच्या अंकात दुसरा त्याला खोडून काढायचा, मग पहिला पुन्हा उसळायचा. म्हणजे कोणीतरी या गृहस्थांना चोख उत्तर दिलं असेल, ते सिस्टरना दाखवू आणि सुटू, असा माझा हिशेब होता. पुढचे सगळे अंक चाळले. उपासनेत पेटी असावी की नसावी, यावर चांगली हातघाई होती. रविवारी पाळकाने सायकलवर बसावं का, यावर तीन विद्वान तुटून पडले होते. मेलेल्या बाळांबद्दल कोणी एक ओळही लिहिली नव्हती. तो लेख इतकी वर्षं बिनउत्तराचा पडून होता आणि मी त्याचे डाग पुसून त्याला लख्ख करून सिस्टरच्या घरी पोचवला होता.

आमच्या तरुण पाळकांना विचारलं. ‘सर, ते मत आता आपल्याकडे कोणी धरत नाही,’ ते सहज म्हणाले. मग तसं कुठे छापलेलं आहे, असं विचारल्यावर त्यांनाही आठवेना.

शुद्धिपत्र अजून छापखान्यात गेलं नव्हतं. मी त्यात एक ओळ वाढवली. जन्मभर कुठल्याच मतावर सही न केलेल्या माणसाची ती ओळ होती: ‘सदर लेखातील मते तत्कालीन संदर्भात वाचावीत, संपादक त्यांच्याशी सहमत असतीलच असे नाही.’ मला ती आवडली. मी ती सिस्टरना फोनवर वाचून दाखवली.

‘म्हणजे माझी मुलगी तत्कालीन संदर्भात गेली का?’ त्यांनी विचारलं.

त्यांनी फोन ठेवला नाही, मीही नाही. शेवटी मीच म्हणालो, ‘सिस्टर, ते चूक आहे.’

‘मग तसं छापा.’

समितीची बैठक बोलावली. ज्यांचं नाव राहिलं होतं ते ज्येष्ठ खवळले. शुद्धिपत्रात छपाईच्या चुका दुरुस्त करतात, धर्मशास्त्राच्या नाही, असं त्यांचं म्हणणं. शिवाय काना-मात्रेचाही फरक करणार नाही ही घोषणा माझीच. ‘लेखक केवढे विद्वान होते. तुम्ही कोण?’

‘छापणारा,’ मी म्हणालो.

‘आधार काय?’

‘येशूने लेकरं उचलून घेतली, तेव्हा बाप्तिस्म्याचा दाखला मागितला नव्हता.’ हे माझ्या तोंडून कसं निघालं कोण जाणे. प्रस्तावनेत असलं एकही वाक्य नव्हतं. ज्येष्ठांचं समाधान झालं नाही, पण त्यांचं स्वतःचं नाव त्याच चिठोऱ्यावर छापून यायचं असल्यामुळे त्यांनी फार ताणून धरलं नाही.

शुद्धिपत्र छापून आलं. पानांची अदलाबदल, मग ज्येष्ठांचं नाव, मग ही ओळ: ‘बाप्तिस्म्यापूर्वी गेलेल्या बाळांविषयी या लेखात जे लिहिले आहे ते चूक आहे. ती बाळे देवाजवळ आहेत.’ खाली माझं नाव. मी पुन्हा दोन बस बदलून वारज्याला गेलो. या वेळी शर्ट कुठला घातला होता, आठवत नाही.

सिस्टरनी चिठोरं वाचलं. पुन्हा वाचलं. मी आपला चहाच्या कपाकडे बघत बसलो. परीक्षेचा पेपर दिलेल्या पोरासारखी माझी अवस्था झाली होती.

‘हे मला बरं वाटावं म्हणून छापलंत, की तुम्हाला असं वाटतं?’

‘वाटतं,’ मी म्हणालो, आणि लगेच माझ्या लक्षात आलं की खरंच वाटतं. कुठे तळटीप शोधावी असंही मनात आलं नाही. मग मी विचारलं, ‘काय नाव ठेवणार होतात?’

त्यांनी चष्मा काढला. बाप्तिस्म्यातच नाव द्यायचं, म्हणून तोपर्यंत घरात सगळे तिला बाळच म्हणायचे, असं त्या म्हणाल्या. पाळकांना नाव सांगायची वेळच आली नाही. दफनाच्या वेळीही ते बाळ असंच म्हणाले. नवरा होता तोवर त्याला माहीत होतं. नंतर कोणी विचारलं नाही.

मग त्यांनी ते नाव सांगितलं. मी ते एकदा मोठ्याने म्हटलं, आणि त्या म्हणाल्या, ‘हो, अगदी असंच.’