पुस्तकाला लागलेला पाय

‘ली’ या चिनी शब्दाला मराठी शब्द शोधून आणा, असं तत्त्वज्ञानाच्या सरांनी सांगितलं होतं. रोजच्या लहानसहान रीती पाळता पाळता माणूस आतून घडत जातो, हा कन्फ्युशियन विचार त्या शब्दात आहे. मी ‘कर्मकांड’ लिहिलं आणि खोडलं. ‘शिष्टाचार’ही खोडलं.

दुपारी आई डबा घेऊन वसतिगृहावर आली. खोलीत जमिनीवर ठेवलेल्या पुस्तकाला तिचा पाय लागला. तिने लगेच वाकून पुस्तकाला हात लावला आणि तो कपाळाला नेला. माझा खोलीतला मित्र बघत होता. मी वैतागून म्हणालो, “आई, इथं असलं नको ना करूस.”

“अरे, वळण आहे ते. आता काय सुटतंय? तुलाबी लावलं होतं की.”

‘वळण’. शब्द मिळाला, पण वहीत उतरवताना स्वतःचाच संताप येत होता. तिला वाचता येत नाही, तरी ती पुस्तकापुढे वाकते. मी तेच पुस्तक दोनदा वाचलं आणि मला लाज वाटली ती तिची. मग माझ्यात नक्की काय घडतंय?

वर पाहिलं, तर आई पाय पोटाशी घेऊन, पुस्तकांपासून लांब, दाराशी बसली होती.